आगकाड्यांची मौज आणि भांडवलाची चणचण

१९२२ साली हिंदुस्थान सरकारने परदेशी आगपेट्यांवर ग्रोसमागे दीड रुपया जकात बसवली. हेतू महसुलाचा होता. परिणाम मात्र संरक्षणाचा झाला. जपान आणि स्वीडन या देशांतून येणारा माल एकाएकी महाग झाला आणि येथेच कारखाना काढणे परदेशी भांडवलदारांनाही परवडू लागले. १९२३ मध्ये स्वीडिश भांडवलावर विमको कंपनी स्थापन झाली व अंबरनाथला आगपेट्यांचा कारखाना उभा राहिला. बाल्यावस्थेतील उद्योगाला जकातीची भिंत मिळाली की भांडवल कसे धावत येते, याचे हे उदाहरण कल्याण, शहाड, अंबरनाथच्या विद्यार्थ्यांना घराजवळ पाहता येत होते. ते भांडवल आपले होते की परक्यांचे, हा प्रश्न वेगळा आणि तोही महत्त्वाचा आहे.

परंतु याच आगकाड्यांची आणखी एक हकीकत आहे आणि ती पाठ्यपुस्तकांत सापडत नाही. अंबरनाथचा कारखाना निघण्यापूर्वी आठ वर्षे, म्हणजे १९१५ साली, एका मराठी गृहस्थाने आगकाड्यांनाच नट बनवून एक छोटा चित्रपट तयार केला होता. त्याचे नाव ‘आगकाड्यांची मौज’. ते गृहस्थ म्हणजे धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके. भारतीय चित्रपटाचे जनक म्हणून त्यांचे नाव सर्वतोमुखी आहे. १९६९ पासून त्यांच्या नावाने सरकारी पुरस्कारही दिला जातो. निर्जीव वस्तूंना चित्राचित्राने हलवून मुलांना हसविणारी जी कला पुढे जगभर एक प्रचंड उद्योग बनली, तिचा आपल्याकडील आरंभही त्यांच्याच हातून झाला, हे मात्र फारसे सांगितले जात नाही. तो आरंभ जागच्या जागी का थांबला याचा विचार तर त्याहूनही कमी झाला आहे. आगपेटीला जे मिळाले ते आगकाड्या नाचविणाऱ्याला मिळाले नाही. दादासाहेबांच्या चरित्राकडे या बाजूने पाहिले म्हणजे त्यातील अनेक गोष्टींचा उलगडा होतो.

त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे पंडित होते. मुंबईच्या विल्सन कॉलेजात त्यांना अध्यापनाचे काम मिळाले आणि कुटुंब मुंबईस आले. पंधराव्या वर्षी धुंडिराज जे. जे. कलाशाळेत दाखल झाले, तेथून बडोद्याच्या कलाभवनात गेले. कलाभवनाचे प्रमुख त्रिभुवनदास गज्जर हे गुणग्राहक होते. त्यांच्या उत्तेजनामुळे या तरुणाने छायालेखन, ठसे तयार करणे, तिरंगी छपाई अशी एकामागून एक तंत्रे आत्मसात केली. गोध्र्याला छायाचित्रांचा व्यवसाय थाटला. प्लेगने पत्नी व मूल हिरावून नेले, तेव्हा तो बंद पडला. मधल्या काळात जादूच्या खेळांचा नाद लागला होता. आडनावाची अक्षरे उलट करून प्रोफेसर केळफा या नावाने ते प्रयोगही करीत. १९०२ मध्ये दुसरा विवाह झाला आणि सरस्वतीबाई घरात आल्या. पुढे पुराणवस्तुसंशोधन खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून नोकरी मिळाली. स्वदेशीच्या वाऱ्यात ती त्यांनी सोडली. लोणावळ्यास, नंतर दादरला छापखाना काढला. रंगीत छपाईची यंत्रे आणण्यासाठी १९०९ मध्ये जर्मनीची वारी झाली. भागीदारांशी पटले नाही आणि चांगला चाललेला धंदा त्यांच्यावर सोडून ते बाहेर पडले. भागीदारांशी न पटणे हे या चरित्रात पुन्हा पुन्हा येणारे प्रकरण आहे.

चाळिशी ओलांडलेला, कर्ता, कुटुंबवत्सल आणि बेकार असा हा माणूस १९११ च्या सुमारास गिरगावात एका तंबूवजा चित्रगृहात शिरला. पडद्यावर ख्रिस्ताचे चरित्र चालले होते. त्याच्या जागी राम आणि कृष्ण दिसले तर, हा विचार त्यांच्या मनात तेथेच आला, असे त्यांनीच पुढे लिहून ठेवले. त्यानंतरचे काही महिने त्यांनी जवळजवळ रोज चित्रपट पाहण्यात, छोटा कॅमेरा व फिल्मचे तुकडे घेऊन घरी प्रयोग करण्यात घालविले. झोप उडाली, डोळ्यांवर ताण आला आणि काही काळ दृष्टीच गेली. वैद्यकीय उपचारांनी ती परत आली. आप्तेष्टांना हे वेडाचे लक्षण वाटले. त्यांचा तरी दोष काय? उत्पन्नाचे कोणतेही साधन नसलेला, पदरी मुले असलेला मनुष्य रात्रंदिवस पडद्यावरची हलती चित्रे पाहतो आहे, हे दृश्य कोणत्याही व्यवहारी माणसाला वेडाचेच वाटले असते.

विम्याच्या पॉलिसी तारण ठेवून दादासाहेबांनी सुमारे दहा हजार रुपये उभे केले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये ते लंडनला गेले. लंडनमध्ये त्यांची ओळख कोणाशी नव्हती. ‘बायोस्कोप’ या चित्रपटविषयक साप्ताहिकाचे संपादक केबर्न यांच्या कचेरीत ते सरळ जाऊन उभे राहिले. केबर्न यांनी हा धंदा किती जोखमीचा आहे हे सांगून त्यांना परावृत्त करण्याचा प्रयत्न केला आणि तो फसल्यावर मनापासून मदत केली. त्यांच्यामुळे सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन येथील चित्रशाळेची दारे उघडली. इंग्लंडमध्ये त्या वेळी निर्जीव वस्तूंना हलविण्याचे तंत्र नवलाईचे राहिले नव्हते. आर्थर मेलबर्न-कूपर या निर्मात्याने १९०८ मध्येच खेळण्यांच्या गावाचा एक चित्रपट मुलांसाठी करून दाखविला होता, आणि फ्रान्समध्ये एमिल कोल याने आगकाड्याही पडद्यावर आणल्या होत्या. विल्यमसन कॅमेरा, फिल्मला छिद्रे पाडण्याचे यंत्र आणि कच्ची फिल्म यांची खरेदी करून १ एप्रिल १९१२ रोजी दादासाहेब मुंबईस परतले.

यंत्रे आली, पण चित्रपटासाठी भांडवल नव्हते. कर्ज मागावयाचे तर तारण काय द्यावयाचे? विम्याच्या पॉलिसी आधीच गेल्या होत्या. तेव्हा दादासाहेबांनी एक कुंडी घेतली, तीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा पक्का बसवला आणि अंकुर फुटून वेल वाढेपर्यंत महिनाभराहून अधिक काळ ते त्याची चित्रे घेत राहिले. पडद्यावर ती सलग धावली तेव्हा बघताबघता बीज फुटले, कोंब वर आला, वेल चढला. यशवंतराव नाडकर्णी यांना हे दृश्य दाखविले आणि त्यांनी कर्ज दिले. जगाच्या पाठीवर कर्जासाठी असे तारण क्वचितच कोणी दिले असेल.

रोज एकेकच चित्र घेतले होते, असे या प्रयोगाचे वर्णन नेहमी केले जाते. साधा हिशेब केला तर ते खरे असणे शक्य नाही. मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण सोळा चित्रे पडद्यावरून सरकत. रोज एक याप्रमाणे महिन्याची तीस चित्रे म्हणजे जेमतेम दोन सेकंदांचे दृश्य. तेवढ्यावर कोणताही सावकार पाघळला नसता. दिवसातून अनेक वेळा, बहुधा रात्रीही, कॅमेऱ्यापाशी जावे लागले असणार. म्हणजे प्रत्यक्ष कष्ट दंतकथेपेक्षा अधिकच होते.

हा हिशेब थोडा पुढे नेण्यासारखा आहे, कारण या चरित्रातील पेच त्यातच आहे. एक फूट फिल्मवर सोळा चित्रे बसतात. मिनिटाला साठ फूट फिल्म लागते आणि तीवर नऊशे साठ चित्रे उमटतात. राजा हरिश्चंद्र आणि तारामती यांचे एका मिनिटाचे दृश्य घ्यावयाचे असेल तर नटांना उभे करावे आणि कॅमेऱ्याचा दांडा मिनिटभर फिरवावा, काम झाले. आगकाड्यांचे एका मिनिटाचे दृश्य घ्यावयाचे तर काडी किंचित सरकवावी, हात बाजूस घ्यावा, एक चित्र घ्यावे, पुन्हा काडी सरकवावी. असे शेकडो वेळा करावे. एक काडी धक्का लागून पडली तर पुन्हा आरंभापासून. दोन्हींना फिल्म तेवढीच लागते. प्रेक्षक मात्र हरिश्चंद्रासाठी तिकीट काढतो, आगकाड्यांसाठी काढीत नाही. आगकाड्या मुख्य खेळाबरोबर वाणगीदाखल पाहावयास मिळतात. खर्च श्रमाचा, उत्पन्न शून्याचे, अशा मालाचे उत्पादन बाजाराच्या नियमाने होतच नाही. ते झाले याचे कारण त्याचा निर्माता त्या नियमाने चालत नव्हता.

‘राजा हरिश्चंद्र’ची कथा अनेकदा सांगून झाली आहे, येथे तिच्या जमाखर्चापुरतेच पाहू. दादरच्या राहत्या घरीच चित्रशाळा थाटली होती. स्त्रीभूमिकेसाठी स्त्री मिळेना, म्हणून अण्णा साळुंके या तरुणाला तारामती केले. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र झाले. रोहिदासाच्या भूमिकेत दादासाहेबांचा मुलगा भालचंद्र उभा राहिला. साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक सरस्वतीबाई करीत. दिवसा कॅमेऱ्यासमोर प्रकाश परतविण्यासाठी पांढरी चादर धरून उभ्या राहत. रात्री सारे निजल्यावर अंधारात बसून कच्च्या फिल्मच्या कडांना छिद्रे पाडीत, रसायने मिसळीत, फिल्म धुवीत. त्यांचे दागिने तर या धंद्यात गेलेच. फाळके फिल्म्स या कंपनीच्या वहीत नाडकर्णींचे कर्ज लिहिलेले असेल, फिल्मची किंमत लिहिलेली असेल. सरस्वतीबाईंच्या श्रमाची रक्कम कोठेही लिहिलेली नसणार. वास्तविक या उद्योगातील सर्वांत मोठे भांडवल ते होते, आणि त्यावर व्याज मागावयास कोणी आले नाही म्हणून उद्योग उभा राहिला. राष्ट्रीय उत्पन्नाच्या मोजणीत गृहिणीचे काम धरले जात नाही याची तक्रार अर्थशास्त्रज्ञ अधूनमधून करतात. त्यांनी आपला पहिला चित्रपट पाहावा.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला. बाहेरगावी मात्र प्रेक्षक सहज मिळत नव्हता. सुरतेला, नाटक पाच-सहा तास चालते तर त्याच पैशात हा दीड तासाचा खेळ का पाहावा, असा लोकांचा हिशेब होता. तेव्हा दादासाहेबांनी जाहिरात केली की सत्तावन्न हजार छायाचित्रांचा, दोन मैल लांबीचा खेळ अवघ्या तीन आण्यांत पाहावयास मिळेल. गर्दी लोटली. सत्तावन्न हजारांचा आकडा सुमारे ३,७०० फुटांच्या चित्रपटाशी चांगला जुळतो. दोन मैलांचा मात्र मुळीच जुळत नाही, ती लांबी मैलाच्या पाऊण हिश्श्याहूनही कमी भरते. छापखानेवाल्याला जाहिरातीची कला कोणी शिकवावी लागत नाही, एवढेच यावरून म्हणता येईल.

त्याच वर्षी दादासाहेबांनी बिऱ्हाड आणि कंपनी नाशिकला हलविली. आज कल्याणनंतर शहाडवरून कसाऱ्याच्या घाटाकडे गाड्या जातात त्याच लोहमार्गाने तयार चित्रपटांचे डबे पुढली अनेक वर्षे मुंबईस येत राहिले. नाशिकला ‘मोहिनी भस्मासुर’ झाला. त्यात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी कामे केली व पडद्यावर प्रथमच स्त्रिया दिसल्या. त्यासोबत ‘पिठाचे पंजे’ हा छोटा विनोदी पट दाखविला जाई. मागोमाग ‘सत्यवान सावित्री’ झाला. तीन चित्रपट घेऊन दादासाहेब १९१४ मध्ये पुन्हा लंडनला गेले. या खेपेस ते विद्यार्थी नव्हते. त्यांच्या कामाचे तेथील जाणकारांनी कौतुक केले. हेपवर्थ यांनी तेथेच राहून भारतीय विषयांवर चित्रपट करावेत असा प्रस्ताव पुढे केला. तो त्यांनी नाकारला. हिंदुस्थानातच हा धंदा रुजला पाहिजे हे त्यांचे मत ठाम होते.

इतक्यात महायुद्ध पेटले. लंडनहून ते परतले तेव्हा येथील सावकारांनी हात आखडते घेतले होते, कच्च्या फिल्मचे भाव चढले होते आणि नाशिकला चाळीस-पन्नास माणसे कामाची वाट पाहत बसली होती. पगार अर्धे झाले. मोठा चित्रपट काढावयास पैसा नव्हता. अशा दिवसांत, म्हणजे १९१५ मध्ये, ‘आगकाड्यांची मौज’ झाली. तिला नटांचे वेतन लागत नव्हते, पोशाख लागत नव्हते, नाशिकचे घाट वा त्र्यंबकचे डोंगर लागत नव्हते; एक टेबल, एक आगपेटी, थोडी फिल्म आणि अमर्याद सहनशीलता एवढ्यावर काम होत होते. दारिद्र्याने त्या चित्रपटाला जन्म दिला असे म्हणणे फार सोपे होईल. जादूगार केळफा, वाटाण्याच्या वेलाजवळ महिनाभर बसलेला छायालेखक आणि मुलांत रमणारा बाप हे तिघे त्या माणसात आधीपासून होतेच. मोकळा वेळ मात्र टंचाईने दिला.

याच काळात त्यांनी केलेल्या छोट्या पटांची नावे पाहिली म्हणजे त्यांच्या मनात चित्रपटाचा केवढा विस्तीर्ण नकाशा होता हे ध्यानात येते. तळेगावचा काच कारखाना, जो पैसाफंडाच्या पै-पैशातून उभा राहिला होता, त्यावर त्यांनी एक पट केला. ‘लक्ष्मीचा गालिचा’ या पटात नाण्यांची करामत होती. ‘विचित्र शिल्प’ होते, प्रोफेसर केळफाची जादू होती आणि चित्रपट कसे तयार करतात हे प्रेक्षकांना समजावून सांगणाराही एक पट होता. करमणूक, शिक्षण, उद्योगधंद्यांची माहिती आणि निव्वळ गंमत या सर्वांसाठी पडद्याचा उपयोग व्हावा असा हा कार्यक्रम होता. सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने आणि बालचित्र समितीने पुढे जे करावयाचे ठरविले, ते नाशिकच्या एका कर्जबाजारी माणसाने आधीच करून पाहिले होते.

हे पट आज जवळजवळ नाहीसे झाले आहेत. ‘आगकाड्यांची मौज’चा एक फूटही उरलेला नाही. याला काही अंशी फिल्मचे रसायनच कारण आहे. शहाडच्या सेंच्युरी रेयॉन कारखान्यात लाकडाच्या लगद्यातील ज्या सेल्युलोजपासून रेशमासारखा धागा काढतात, त्याच सेल्युलोजवर नत्राम्लाची प्रक्रिया केली की त्या काळची फिल्म तयार होई. ती भराभर पेट घेई आणि पेटली नाही तरी दमट हवेत कुजून तिची भुकटी होई. ‘राजा हरिश्चंद्र’ची जी रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत ती देखील १९१३ ची नसून १९१७ च्या दुसऱ्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासक मानतात. ही फिल्म सगळीच्या सगळी परदेशातून येई. आगकाडीही तेव्हा परदेशचीच असे.

युद्धाच्या उत्तरार्धात परिस्थिती पालटली. संस्थानिकांकडून थोडेबहुत साहाय्य मिळवून दादासाहेबांनी ‘लंकादहन’ पुरा केला आणि १९१७ मध्ये तो प्रदर्शित झाला. त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके यांनीच केल्या होत्या. चित्रपटाने अमाप पैसा मिळविला. जमलेली नाणी बैलगाडीतून न्यावी लागत अशा कथा निघाल्या. जे भांडवल पाच वर्षे विनवण्या करूनही येत नव्हते ते आता दारात उभे राहिले. लोकमान्य टिळकांनी या उद्योगाविषयी आस्था दाखविली, मोठ्या भागभांडवलाची मर्यादित कंपनी काढण्याची बोलणी झाली, ती फिसकटली. अखेर १९१८ च्या आरंभी वामन श्रीधर आपटे आणि इतर भागीदार यांच्यासह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. फाळक्यांकडे निर्मितीचे काम आले आणि पैशाचे व्यवहार भागीदारांकडे गेले.

आरंभ उत्तम झाला. ‘श्रीकृष्णजन्म’ आणि ‘कालियामर्दन’ या दोन चित्रपटांत दादासाहेबांची लहान कन्या मंदाकिनी कृष्ण झाली. गोपाळांच्या खोड्या, लोणीचोरी, यमुनेच्या डोहात फण्यावर नाचणारा मुलगा हे सारे मोठ्यांना भक्तीने पाहता येत होते आणि मुलांना गंमत म्हणून. ‘आगकाड्यांची मौज’ करणारा माणूस या दोन चित्रपटांत पुन्हा दिसतो. फरक एवढाच की आता त्याची करामत देवाच्या आश्रयाने पडद्यावर येत होती. पुराणकथेच्या तिकिटावर मुलांचा खेळ चालत होता. बाजाराशी केलेली ही तडजोड होती आणि ती यशस्वी झाली.

भागीदारांशी मात्र निभले नाही. हिशेबी माणसांना वेळेवर चित्रपट हवा होता, खर्चाचा अंदाज आगाऊ हवा होता, नफ्याची वाटणी हवी होती. दादासाहेबांना एखादे दृश्य मनाजोगे उतरेपर्यंत घड्याळ दिसत नसे. या भांडणात सारा दोष भागीदारांच्या माथी मारण्याची चरित्रकारांची रीत आहे. ती न्याय्य नाही. दुसऱ्याचा पैसा वापरणाऱ्याला हिशेब द्यावाच लागतो, आणि फाळक्यांचा स्वभाव हेकट होता हे त्यांच्या चाहत्यांनाही अमान्य करता येत नाही. पण भागीदारांनी ज्या चष्म्यातून चित्रपटाकडे पाहिले त्यातून वाटाण्याचा वेल आणि आगकाड्या दिसणेच शक्य नव्हते, हेही तितकेच खरे. चिकाटीने थांबणारे भांडवल आणि झटपट परतणारे भांडवल यांत फरक असतो. नाशिकला दुसऱ्या प्रकारचे आले. १९१९ च्या अखेरीस दादासाहेब कंपनी सोडून काशीला निघून गेले. तेथे त्यांनी ‘रंगभूमि’ हे नाटक लिहिले. ते पुढे मुंबई-पुण्यास रंगमंचावर आले, चालले नाही. काही वर्षांनी ते त्याच कंपनीत पगारावर परत आले. स्वतः उभारलेल्या संस्थेत नोकर म्हणून काम करण्याची पाळी त्यांच्यावर आली आणि त्या स्थितीत त्यांनी अनेक चित्रपट केले. त्यांपैकी फार थोडे स्मरणात राहिले आहेत.

आगपेटीच्या गोष्टीकडे येथे परत यावयास हवे. ज्या काळात आगपेट्यांना जकातीची भिंत मिळाली, त्याच काळात चित्रपटाच्या वाट्याला काय आले? १९१८ मध्ये परीनिरीक्षणाचा कायदा आला. १९२२ मध्ये बंगालने आणि १९२३ मध्ये मुंबई सरकारने करमणूक कर बसविला. कच्च्या फिल्मवर जकात होतीच. म्हणजे संरक्षण दूरच, कच्चा मालही महाग करून ठेवला होता. चित्रगृहांत अमेरिकन चित्रपटांचे राज्य होते; आपल्या देशात खर्च भरून निघालेले ते चित्रपट येथे मातीमोलाने भाड्याने देणे त्यांना परवडत होते. १९२७-२८ मध्ये रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली सिनेमॅटोग्राफ समिती नेमली गेली. तिच्यापुढे फाळक्यांनीही आपले म्हणणे मांडले. कच्च्या फिल्मवरील जकात उठवावी, देशी निर्मात्यांना सरकारने कर्ज द्यावे, अशा शहाणपणाच्या शिफारशी समितीने केल्या. सरकारने तो अहवाल बासनात ठेवला. आगपेटीवरील कराने तिजोरी भरत होती आणि कारखानाही निघत होता. चित्रपटाचा करमणूक कर उद्योगाला काहीही न देता तिजोरी भरत होता. कोणत्याही अर्थमंत्र्याला दुसरा मार्ग अधिक सोपा वाटावा यात नवल नाही.

बोलपट आला आणि मूकपटांची कंपनी संपली. ‘सेतुबंधन’ मूकपट म्हणून तयार झाला आणि मग त्याला आवाज जोडावा लागला. कोल्हापूरच्या राजाराम महाराजांच्या आश्रयाने दादासाहेबांनी ‘गंगावतरण’ हा एकच बोलपट केला. तो १९३७ मध्ये प्रदर्शित झाला. तेव्हा ते सदुसष्ट वर्षांचे होते. त्याच वर्षाच्या डिसेंबरात अमेरिकेत वॉल्ट डिस्ने यांचा ‘स्नो व्हाइट’ पडद्यावर आला. मुलांसाठी चित्राचित्राने हलविलेला तो पूर्ण लांबीचा चित्रपट पुरा करण्यास सुमारे पंधरा लाख डॉलर लागले आणि निम्म्या वाटेवर पैसे संपले तेव्हा डिस्ने यांना बँकेने कर्ज दिले. बँकेच्या अधिकाऱ्याला अपुरा चित्रपट दाखवून ते कर्ज मिळविले, अशी हकीकत सांगतात. पंचवीस वर्षांपूर्वी नाडकर्णींना वाटाण्याचा वेल दाखविणाऱ्या फाळक्यांचा आणि डिस्ने यांचा मार्ग येथपर्यंत एकच आहे. पुढे मात्र एकामागे अमेरिकेची बँकव्यवस्था होती आणि दुसऱ्यामागे सरस्वतीबाईंचे दागिने.

आपल्याकडे हे काम अधूनमधून कोणी तरी हाती घेत राहिले. १९३४ मध्ये प्रभात कंपनीने ‘जंबूकाका’ हा व्यंगचित्रपट केला. स्वातंत्र्यानंतर १९५६ मध्ये फिल्म्स डिव्हिजनमध्ये व्यंगचित्रपटांचा विभाग निघाला. डिस्ने यांच्याकडे काम केलेले क्लेअर वीक्स तेथे शिकवावयास आले आणि राम मोहन यांच्यासारखे कलावंत त्या विभागातून तयार झाले. सरकारी पगारावर का होईना, काडी सरकवून थांबण्याची सवड प्रथमच कोणाला तरी मिळाली. तो फिल्म्स डिव्हिजन आणि १९५५ मध्ये स्थापन झालेली बालचित्र समिती या दोन्ही संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. काटकसर आणि सुसूत्रता ही त्यामागची कारणे सांगितली गेली.

दादासाहेबांचे अखेरचे दिवस नाशिकला गेले. चित्रपटाचा धंदा तोवर कोट्यवधींचा झाला होता आणि त्यात त्यांना काम नव्हते. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचे निधन झाले. एकोणीस वर्षांत पंचाण्णव चित्रपट आणि सव्वीस लघुपट अशी त्यांच्या कामाची मोजदाद केली जाते. त्यातले आज पाहता येण्याजोगे फारच थोडे आहेत. ‘कालियामर्दन’ मात्र बराचसा वाचला आहे. त्याच्या आरंभी, कथा सुरू होण्यापूर्वी, सात वर्षांची मंदाकिनी प्रेक्षकांसमोर येते आणि एकापाठोपाठ एक चेहऱ्यावरचे भाव करून दाखविते: हसू, राग, भीती, रडू. तेवढ्यासाठी दादासाहेबांनी महागाईच्या दिवसांत फिल्म खर्च केली होती. पुण्याच्या संग्रहालयात ती रिळे आहेत.